पिचरच्या कारकिर्दीचा तक्ता कसा वाचावा

बेसबॉलमधील एखाद्या पिचरची, म्हणजे फलंदाजाला चेंडू टाकणाऱ्या खेळाडूची, कारकीर्द समजून घ्यायची असेल, तर त्याच्यावरचे गौरवलेख वाचण्याआधी त्याच्या आकड्यांचा वर्षवार तक्ता उघडावा. एका हंगामाला एक ओळ असा हा तक्ता कोणालाही सहज पाहायला मिळतो आणि तो नीट वाचता आला, तर दुखापत, बढती, भूमिकेतील बदल, उतरती कळा हे सारे त्यात दिसू लागते. अडचण एवढीच आहे की, रकाने ज्या क्रमाने छापलेले असतात त्याच क्रमाने ते वाचत गेल्यास हमखास फसगत होते.

नोलन रायन याची १९८७ सालची ओळ पाहा. ह्यूस्टन ॲस्ट्रोज संघाकडून खेळताना त्या वर्षी त्याच्या नावावर ८ विजय आणि १६ पराभव लागले. हे दोन आकडे ओळीच्या सुरुवातीलाच येत असल्यामुळे चाळिशी गाठलेला हा खेळाडू आता संपला, असे वाचणाऱ्याला वाटणे साहजिक आहे. थोडे उजवीकडे सरकले की २.७६ हा ईआरए (नऊ इनिंगमागे पिचरच्या खात्यावरच्या धावा; जितका कमी तितका चांगला) दिसतो, जो त्या वर्षी नॅशनल लीगमध्ये, म्हणजे मेजर लीग या सर्वोच्च पातळीवरील दोन लीगपैकी एकीत, सर्वांत कमी होता. आणखी पुढे २७० स्ट्राइकआउट, म्हणजे तीन स्ट्राइक टाकून बाद केलेले फलंदाज, दिसतात, जे त्याच लीगमध्ये सर्वांत जास्त होते. लीगमधील इतका भेदक पिचर जिंकला त्याच्या दुप्पट सामने हरला, कारण त्याच्या संघातील फलंदाजांनी तो चेंडू टाकत असताना पुरेशा धावाच केल्या नाहीत. त्यामुळे माझा पहिला नियम अगदी घरगुती आहे: तक्ता उघडला की विजय आणि पराभव या दोन रकान्यांवर तळहात ठेवावा आणि बाकीचे वाचून होईपर्यंत तो उचलू नये.

आधी एवढे ठाऊक असावे

पिचर ज्या उंचवट्यावरून चेंडू फेकतो त्याला माउंड म्हणतात. माउंडवरील रबराच्या पट्टीपासून होम प्लेटपर्यंतचे अंतर १८९३ पासून ६० फूट ६ इंच आहे. क्रिकेटच्या खेळपट्टीची लांबी ६६ फूट असते, हे लक्षात घेतले तर फलंदाजाला प्रतिक्रियेसाठी किती कमी वेळ मिळत असेल याची कल्पना येते, कारण इथे चेंडू टप्पा न पडता थेट येतो. होम प्लेट, म्हणजे फलंदाजाजवळची पट्टी, १७ इंच रुंद असते. फलंदाजाचा फटका हुकला किंवा त्याने प्लेटवरून योग्य उंचीने, म्हणजे स्ट्राइक झोनमधून, जाणारा चेंडू सोडला की स्ट्राइक; झोनबाहेरचा चेंडू सोडला की बॉल. तीन स्ट्राइक झाले की फलंदाज बाद होतो, चार बॉल झाले की तो पहिल्या बेसवर फुकट चालत जातो आणि या फुकटच्या चालीला वॉक म्हणतात. एका इनिंगमध्ये तीन बाद, नऊ इनिंगमध्ये सत्तावीस बाद: पिचरचा सारा हिशेब या सत्तावीसच्या पटीत मांडलेला असतो.

इनिंगच्या रकान्यातील दशांश चिन्ह नवख्याला हमखास चकवते. तिथे ६.२ असे लिहिलेले असेल, तर त्याचा अर्थ सहा पूर्णांक दोन दशांश असा नसून सहा इनिंग आणि वर दोन बाद, म्हणजे सहा पूर्णांक दोन तृतीयांश असा असतो. समजा, एका सामन्यात पिचरने ६.२ इनिंग टाकल्या आणि त्याच्या खात्यावर तीन धावा लागल्या. ईआरए म्हणजे नऊ इनिंगमागे त्याच्या खात्यावर पडणाऱ्या धावा. म्हणून तीनाला नऊने गुणून २७ येतात आणि त्यांना ६.६७ ने भागले की ४.०५ हे उत्तर मिळते. मी सुरुवातीला बराच काळ थेट ६.२ नेच भागत असे, त्यामुळे उत्तर ४.३५ येई आणि छापील तक्त्यात चूक आहे अशी माझी ठाम समजूत होई.

खात्यावरच्या धावा या शब्दांतही एक मेख आहे. क्षेत्ररक्षकाच्या चुकीमुळे झालेल्या धावा ईआरएमध्ये धरल्या जात नाहीत. याउलट, पिचरने दोन फलंदाजांना बेसवर पोहोचू दिले, त्यानंतर त्याला बदलण्यात आले आणि नव्या पिचरच्या चेंडूवर ते दोघे होम प्लेटवर परतून त्यांच्या धावा झाल्या, तर त्या धावा जुन्या पिचरच्याच माथी मारल्या जातात. तो त्या वेळी बाकावर बसून टॉवेलने घाम पुसत असतो. एका सामन्याचा ईआरए म्हणूनच फारसे काही सांगत नाही आणि संपूर्ण हंगामाचा आकडादेखील एकट्याने पुरेसा ठरत नाही.

वय आणि इनिंग

तळहात जागेवर ठेवून आधी वयाचा रकाना वाचावा आणि लगेच इनिंगच्या रकान्यावर उडी घ्यावी. या दोन आकड्यांची जोडी वरपासून खालपर्यंत एका दमात वाचली की कारकिर्दीचा आकार समजतो. सध्या बहुतेक संघ पाच पिचरांची साखळी फिरवतात, हंगाम १६२ सामन्यांचा असतो, म्हणजे दुखापत न झालेल्या आणि साखळीतले स्थान टिकवलेल्या पिचरला साधारण ३२ वेळा सामना सुरू करण्याची संधी मिळते. एखाद्या ओळीत ३२ ऐवजी १४ दिसले, तर त्या वर्षी काहीतरी घडले आहे असे समजून तिथे खूण करून ठेवावी. ते काय घडले, याचा शोध नंतर घ्यावा.

इनिंगचे आकडे मात्र त्या त्या काळाच्या चौकटीतच पाहावेत. साय यंग याने १८९० ते १९११ या काळात ७,३५६ इनिंग टाकल्या, ५११ सामने जिंकले, ३१५ गमावले आणि ७४९ सामने स्वतः सुरू करून स्वतःच संपवले. वर्षातील सर्वोत्तम पिचरला दिला जाणारा पुरस्कार त्याच्याच नावाने १९५६ पासून दिला जातो. आजच्या पिचरला त्याच्या शेजारी उभे करून कमी लेखणे हा निव्वळ आळस आहे; त्या काळी एकच पिचर संपूर्ण सामना टाकत असे, आज पाच-सहा इनिंग झाल्या की राखीव पिचर जिथे तयार होतात त्या बुलपेनचे दार उघडते. पूर्वी दोनशे इनिंग हा चांगल्या पिचरचा नेहमीचा हिशेब होता, आज तेवढ्या इनिंग टाकणारे दोन्ही लीग मिळून मोजकेच असतात.

इनिंगच्या आसपासच खेळलेले सामने आणि सुरू केलेले सामने असे दोन रकाने असतात. दोन्ही आकडे सारखे असतील, तर तो स्टार्टर. सुरू केलेले सामने शून्य आणि खेळलेले साठ-सत्तर असतील, तर तो रिलीव्हर, म्हणजे मधल्या किंवा शेवटच्या इनिंगसाठी येणारा. माझ्या मते संपूर्ण तक्त्यात सर्वांत रंजक जागा कोणती असेल, तर हे दोन आकडे एकमेकांपासून फुटतात ती.

मारियानो रिवेरा याच्या पहिल्या तीन ओळी या दृष्टीने मुद्दाम पाहाव्यात. पनामातून आलेला हा पिचर १९९५ मध्ये न्यूयॉर्क यांकीजकडून १९ सामने खेळला, त्यांपैकी १० त्याने सुरू केले आणि त्याचा ईआरए ५.५१ होता. इतका ईआरए असलेल्या पंचविशीतल्या पिचरकडे पुन्हा कोणी ढुंकून पाहिले नसते तरी नवल वाटले नसते. १९९६ च्या ओळीत खेळलेले सामने ६१ आणि सुरू केलेले शून्य आहेत, इनिंग १०७.२, स्ट्राइकआउट १३० आणि ईआरए २.०९. आता तो सामन्याच्या उत्तरार्धात येऊ लागला होता, परंतु सेव्हच्या, म्हणजे शेवटी येऊन आघाडी टिकवलेल्या सामन्यांच्या, रकान्यात केवळ ५ आहेत, कारण शेवटची इनिंग अजून दुसऱ्या कोणाकडे होती. १९९७ च्या ओळीत सेव्ह एकदम ४३ होतात. तीन ओळींत एक अपयशी स्टार्टर क्लोजर, म्हणजे शेवटची इनिंग टाकून सामना संपवणारा, झालेला दिसतो, आणि त्यानंतर २०१३ पर्यंत त्या रकान्याची बेरीज ६५२ वर जाते, जो आजही विक्रम आहे. सेव्ह हा आकडा १९६९ पासून अधिकृतपणे मोजला जातो. साधारणपणे तीन किंवा त्याहून कमी धावांची आघाडी शेवटची इनिंग टाकून टिकवणाऱ्या पिचरला तो मिळतो.

पिचरच्या हातात खरोखर काय असते

२००१ मध्ये व्होरोस मॅक्रॅकन या अभ्यासकाने एक विचार मांडला आणि तो वाचून अनेक जुने जाणकार चिडले. त्याचे म्हणणे असे की, फलंदाजाने मैदानात टोलवलेल्या चेंडूवर हिट मिळणार (म्हणजे तो सुखरूप बेसवर पोहोचणार) की चेंडू झेलला जाणार, यावर पिचरचे नियंत्रण समजले जाते त्यापेक्षा पुष्कळच कमी असते; तिथे क्षेत्ररक्षण आणि नशीब यांचा मोठा वाटा असतो. पिचरच्या स्वतःच्या हातात मुख्यतः तीन गोष्टी राहतात: स्ट्राइकआउट, वॉक आणि होमरन (मैदानाबाहेर टोलवला गेलेला चेंडू). पुढे या मताला बऱ्याच दुरुस्त्या सुचवल्या गेल्या, तरी तक्ता वाचणाऱ्याला त्याचा मोठा उपयोग आहे, कारण या तीन रकान्यांत झालेला बदल बहुधा खरा असतो आणि ईआरएमध्ये झालेला बदल मात्र कधी कधी शॉर्टस्टॉप या शेजारच्या क्षेत्ररक्षकाच्या चपळाईचा असतो.

या रकान्यांवरून पिचरचा स्वभावही कळतो. रायनने २७ हंगामांत ५,३८६ इनिंग टाकून ५,७१४ स्ट्राइकआउट मिळवले आणि २,७९५ वॉक दिले. हे दोन्ही विक्रम त्याच्याच नावावर आहेत. ग्रेग मॅडक्सने ५,००८.१ इनिंगमध्ये ३,३७१ स्ट्राइकआउट मिळवले आणि ९९९ वॉक दिले. नऊ इनिंगमागे रायन साडेचारांहून अधिक जणांना फुकट चालवत होता, तर मॅडक्स दोघांनाही नाही. रायनला एकदाही साय यंग पुरस्कार मिळाला नाही, मॅडक्सला तो १९९२ ते १९९५ सलग चार वर्षे मिळाला. तरी रायनने सात सामन्यांत प्रतिस्पर्ध्यांना एकही हिट मिळू दिली नाही आणि तेवढे नो-हिटर दुसऱ्या कोणाच्याही नावावर नाहीत. यांपैकी श्रेष्ठ कोण, या वादात मी मॅडक्सच्या बाजूचा आहे, पण तिकीट काढून एकच सामना पाहायचा असता, तर रायनचा पाहिला असता.

वॉकचा रकाना कधी कधी अंगावर काटा आणतो. पिट्सबर्ग पायरेट्सच्या स्टीव्ह ब्लासने १९७१ च्या वर्ल्ड सिरीजमध्ये, म्हणजे हंगामाच्या अंतिम लढतीत, दोन सामने सुरुवातीपासून अखेरपर्यंत टाकून जिंकले होते. १९७२ मध्ये त्याने १९ सामने जिंकले, २४९.२ इनिंग टाकल्या आणि ८४ वॉक दिले. १९७३ च्या ओळीतही वॉक ८४ च आहेत. नजर सरळ खाली सरकवणाऱ्याला काहीच बदललेले दिसणार नाही. आता इनिंग पाहा: ८८.२. जितके वॉक आधी अडीचशे इनिंगमध्ये दिले, तितकेच आता एकोणनव्वदाहून कमी इनिंगमध्ये, ईआरए २.४९ वरून ९.८५ वर. हाताला दुखापत झालेली नव्हती, त्याला फक्त प्लेटवर चेंडू टाकता येईनासा झाला होता. १९७४ च्या ओळीत एकच सामना आहे आणि त्याखाली काही नाही. अशा अकल्पित हरवलेपणाला आजही बेसबॉलमध्ये त्याच्याच नावाने ओळखले जाते, हे त्याच्या पदरी पडलेले दुर्दैवच म्हणायचे.

ओळ कोणत्या काळाची, कोणत्या मैदानाची

सेंट लुईस कार्डिनल्सच्या बॉब गिब्सनचा १९६८ मधील ईआरए १.१२ होता, तर बॉस्टन रेड सॉक्सच्या पेद्रो मार्टिनेझचा २००० मधील १.७४. नुसते आकडे पाहिले तर गिब्सन सरळ पुढे दिसतो. परंतु १९६८ हे पिचरांचे वर्ष म्हणून ओळखले जाते. त्या वर्षी नॅशनल लीगचा एकूण ईआरएच तीनच्या आत होता. फलंदाजांची इतकी दैना झाली की पुढच्या हंगामापासून माउंडची उंची १५ इंचांवरून १० इंचांवर आणण्यात आली आणि स्ट्राइक झोनही आक्रसला. मार्टिनेझ ज्या अमेरिकन लीगमध्ये खेळत होता, तिथे २००० मध्ये एकूण ईआरए पाचच्या जवळ पोहोचला होता.

ही तुलना सोपी व्हावी म्हणून ईआरए प्लस नावाचा आकडा वापरतात. लीगची आणि मैदानाची सरासरी १०० धरली जाते आणि पिचर जितका सरस, तितका हा आकडा मोठा होतो. गिब्सनचा त्या वर्षीचा ईआरए प्लस २५८ आहे, मार्टिनेझचा २९१. मैदानाचा परिणाम सर्वांत ठळक दिसतो तो डेन्व्हरमध्ये, कारण तिथले कूर्स फील्ड समुद्रसपाटीपासून जवळजवळ एक मैल उंचीवर आहे. विरळ हवेत कर्व्हबॉल पुरेसा वळत नाही आणि टोलवलेला चेंडू लांब जातो. तेव्हा संघाच्या रकान्यात कोलोरॅडो रॉकीज दिसले, तर ईआरए वाचताना थोडी सवलत द्यावी.

रिकाम्या जागा

तक्त्यात जे वर्ष नाही, तेही वाचावे लागते. नवखा वाचक १९७४ च्या ओळीवरून थेट १९७६ वर जातो आणि मधले वर्ष गळाल्याचे त्याच्या ध्यानातही येत नाही.

टॉमी जॉन याच्या तक्त्यात १९७५ ची ओळ नाही. लॉस एंजेलिस डॉजर्सचा हा डावखुरा पिचर १९७४ च्या हंगामाच्या मध्यात १३ विजय मिळवून असताना त्याच्या कोपराच्या आतल्या बाजूचा अस्थिबंध तुटला. तोपर्यंत ही दुखापत म्हणजे कारकिर्दीचा शेवट असे. डॉ. फ्रँक जोब यांनी २५ सप्टेंबर १९७४ रोजी जॉनच्या उजव्या मनगटातील एक कंडरा काढली आणि ती डाव्या कोपरात, हाडांना भोके पाडून त्यांतून ओवून बसवली. परत खेळता येण्याची शक्यता शंभरात एक असल्याचे त्यांनी आधीच सांगितले होते. जॉन १९७६ मध्ये परतला, १९८९ पर्यंत खेळला, आणि त्याच्या एकूण २८८ विजयांपैकी १६४ शस्त्रक्रियेनंतरचे आहेत. त्याच्या नावाने ओळखली जाणारी ही शस्त्रक्रिया आता इतकी रुळली आहे की आजच्या कोणत्याही पिचरच्या तक्त्यात बारा ते अठरा महिन्यांची पोकळी दिसली, तर पहिला संशय कोपराचाच घ्यावा.

मात्र तो पहिलाच संशय असावा, निकाल नव्हे. क्लीव्हलँडचा बॉब फेलर सतराव्या वर्षी, १९३६ मध्ये, मेजर लीगमध्ये आला. त्याच्या तक्त्यात १९४२, १९४३ आणि १९४४ ही वर्षे रिकामी आहेत आणि १९४५ ची ओळ जेमतेम काही सामन्यांची आहे. त्याचा खांदा आणि कोपर ठणठणीत होते. पर्ल हार्बरवरील हल्ल्यानंतर तो नौदलात भरती झाला होता. पिचरच्या आयुष्यातील ऐन उमेदीची वर्षे अशी गेली आणि तरी त्याच्या नावावर २६६ विजय आहेत.

सॅचेल पेज याची गोष्ट याहून वेगळी आहे, कारण त्याच्या तक्त्यात सुरुवातच गायब होती. १९४८ मध्ये क्लीव्हलँडकडून मेजर लीगमध्ये आला तेव्हा तो ४२ वर्षांचा होता. ६ विजय, १ पराभव आणि ईआरए २.४८. इतक्या उशिरा आलेला माणूस आल्या आल्या असे कसे टाकतो, असा प्रश्न पडला तर वर्णभेदाचा इतिहास आठवावा. १९४७ मध्ये जॅकी रॉबिन्सन मैदानात उतरेपर्यंत कृष्णवर्णीय खेळाडूंना मेजर लीगचे दार बंदच होते आणि पेजची उमेदीची वर्षे कृष्णवर्णीयांच्या वेगळ्या निग्रो लीगमध्ये गेली. मेजर लीगने डिसेंबर २०२० मध्ये त्या लीगना समान दर्जा दिल्याचे जाहीर केले आणि २०२४ मध्ये तिथले आकडे अधिकृत नोंदींत मिसळले. त्यामुळे पेजविषयी जुन्या पुस्तकात छापलेला तक्ता आणि आजचा तक्ता यांत मोठा फरक आढळेल.

शेवटच्या ओळीनंतरची पोकळीही पाहावी. सँडी कूफॅक्सची अखेरची ओळ १९६६ ची आहे: ३२३ इनिंग, २७ विजय, ईआरए १.७३, ३१७ स्ट्राइकआउट. उतरणीचा मागमूसही नाही. कोपराच्या संधिवातामुळे तो तिसाव्या वर्षी थांबला. एरवी तक्त्यात उतार दिसतो, इनिंग घटतात, संघ बदलत जातात आणि मग ओळ संपते. इथे मात्र शिखरावरच कागद फाटल्यासारखा वाटतो.

मेजर लीगच्या आधीचे आणि मधले दिवस

बहुतेक तक्त्यांच्या शेजारी मायनर लीगचा, म्हणजे मेजर लीगखालच्या पातळ्यांचा, वेगळा तक्ता असतो आणि तो कंटाळवाणा समजून वगळला जातो. पिचरचे खरे रोजचे आयुष्य तिथे आहे. अमेरिकन मुलगा शालेय शिक्षणानंतर किंवा कॉलेजमधून ड्राफ्टद्वारे, म्हणजे संघांनी पाळीपाळीने नवे खेळाडू निवडण्याच्या पद्धतीने, निवडला जातो. २०२१ पासून हा ड्राफ्ट वीस फेऱ्यांचा आहे. डॉमिनिकन रिपब्लिक किंवा व्हेनेझुएलासारख्या देशांतील मुलांना सोळाव्या वर्षी थेट करारबद्ध करता येते. त्यानंतर रूकी, सिंगल-ए, हाय-ए, डबल-ए आणि ट्रिपल-ए अशा पायऱ्या आहेत. वाचताना प्रत्येक पायरीवरील वय पाहावे: एकविसाव्या वर्षी डबल-एमध्ये असलेल्या मुलाकडून संघाला आशा असतात, सत्ताविसाव्या वर्षी तिथेच असलेला पिचर बहुधा दुसऱ्या कुणाच्या दुखापतीची वाट पाहत असतो.

पगारातील दरी पाहिली की या पायऱ्यांचा अर्थ जास्त भिडतो. २०२३ मध्ये झालेल्या करारानुसार ट्रिपल-एमधील किमान वार्षिक पगार ३५,८०० डॉलर होता आणि त्याच वर्षी मेजर लीगमधील किमान पगार ७,२०,००० डॉलर. एका पायरीचे अंतर, वीसपट पगार.

या पायऱ्या किती उंच आहेत, याचे आपल्याला जवळचे उदाहरण म्हणजे रिंकू सिंग आणि दिनेश पटेल. उत्तर प्रदेशातील या दोन भालाफेकपटूंनी कधी बेसबॉल हाती धरला नव्हता. भारतात झालेल्या वेगवान फेकीच्या स्पर्धेतून ते निवडले गेले आणि २००८ च्या अखेरीस पिट्सबर्ग पायरेट्सने त्यांना करारबद्ध केले. पुढच्याच वर्षी दोघे रूकी पायरीवर खेळले. पटेल लवकर परतला. डावखुरा सिंग २०११ मध्ये सिंगल-एपर्यंत पोहोचला, मग दुखापतींनी गाठले आणि पुढे तो व्यावसायिक कुस्तीकडे वळला. त्याच्या तक्त्यातील इनिंग मोजक्याच आहेत, पण त्या खेळात जन्म न घेतलेल्या माणसाने तेवढी मजल मारणे मी तरी अपयश मानत नाही.

बदल्या आणि हालचालींच्या नोंदीही याच ठिकाणी सापडतात. ऑप्शन केले, अशी नोंद असेल, तर पिचरला संघात ठेवूनच मायनर लीगमध्ये पाठवले आहे. असे साधारणपणे तीन हंगामांतच करता येते, त्यानंतर त्याला खाली पाठवायचे झाल्यास आधी इतर संघांना त्याला उचलण्याची संधी द्यावी लागते. पिचरांसाठी दुखापतग्रस्तांची यादी १५ दिवसांची असते आणि गंभीर दुखापतीत ती ६० दिवसांची होते. सेवाकाळाच्या, म्हणजे मेजर लीगच्या संघात काढलेल्या दिवसांच्या, हिशेबात १७२ दिवस म्हणजे एक वर्ष. साधारण तीन वर्षांनंतर पगारासाठी लवादाकडे जाता येते आणि सहा वर्षांनंतर खेळाडू मुक्त होतो. एखादा पिचर २९व्या-३०व्या वर्षी अचानक संघ बदलतो, त्यामागे बहुधा हे गणित असते. हा हक्क मिळवून देणारेही पिचरच होते: अँडी मेसरस्मिथ आणि डेव्ह मॅकनॅली यांच्या प्रकरणात लवाद पीटर साइट्झ यांनी डिसेंबर १९७५ मध्ये निकाल दिला आणि खेळाडूला आयुष्यभर एकाच मालकाशी बांधून ठेवणारी तरतूद मोडीत निघाली.

आता तळहात उचलावा

एवढे वाचून झाले की विजय-पराभव पाहायला हरकत नाही. स्टार्टरला विजय मिळण्यासाठी किमान पाच इनिंग टाकाव्या लागतात, तो बाहेर पडताना संघ आघाडीवर असावा लागतो आणि ती आघाडी पुढे कधीही जाता कामा नये. यांतील शेवटची अट त्याच्या हातात मुळीच नाही. मतदारांनाही हे हळूहळू पटले: सिएटलच्या फेलिक्स हर्नांडेझला २०१० मध्ये १३ विजय आणि १२ पराभव असूनही साय यंग पुरस्कार मिळाला, तर न्यूयॉर्क मेट्सच्या जेकब डिग्रॉमला २०१८ मध्ये १० विजय, ९ पराभव आणि १.७० ईआरएवर.

सरावासाठी एक ओळ सुचवतो: जेमी मोयर, २०१२. विजय २, पराभव ५, ईआरए ५.७०. क्रमाने वाचल्यास ही ओळ कोणी दुसऱ्यांदा पाहणार नाही. आता वय पाहा: ४९. वरची ओळ २०१० ची आहे, म्हणजे २०११ रिकामे. अठ्ठेचाळिसाव्या वर्षी त्याने कोपरावर टॉमी जॉन शस्त्रक्रिया करून घेतली होती. संघ कोलोरॅडो, म्हणजे विरळ हवा. पहिली ओळ १९८६ ची, म्हणजे २०१२ मधील त्याच्या संघातील काही सहकारी त्याने पदार्पण केले तेव्हा जन्मलेही नव्हते. १७ एप्रिल २०१२ रोजी सॅन डिएगोविरुद्ध त्याने सात इनिंग टाकल्या, प्रतिस्पर्ध्यांनी दोन धावा केल्या आणि दोन्ही क्षेत्ररक्षणातील चुकीमुळे झालेल्या असल्याने ईआरएमध्ये धरल्या गेल्या नाहीत. मेजर लीगमध्ये सामना जिंकणारा तो सर्वांत वयस्क पिचर ठरला. ज्या रकान्यावर इतका वेळ तळहात होता, त्यातील २ विजयांपैकी एक हा आहे.